कचेश्वर

कचेश्वर : महाराष्ट्रातील एक परंपरागत पुरुषनाम. गोदावरीच्या वरच्या खोऱ्यात, विशेषतः अहिल्यानगर (पूर्वीचे अहमदनगर) जिल्ह्याचा उत्तर भाग व त्याला लागून असलेले नासिक जिल्ह्यातील तालुके या टापूत ते जुन्या पिढ्यांत आढळते. कोपरगाव या तालुक्याच्या गावालगत गोदावरीच्या बेटावर असलेल्या कचेश्वर या शिवस्थानाशी हे नाव निगडित आहे. देवस्थानाचे नाव मुलास ठेवण्याच्या प्रथेचे ते एक उदाहरण होय. तथापि मृत्यूवर मात केलेल्या शिष्याची कथा या नावामागे असल्याने, बालमृत्यूच्या भयाने ग्रासलेल्या समाजात त्याला केवळ भक्तिवाचक नावापेक्षा अधिक अर्थ प्राप्त झाला असावा.

व्युत्पत्ती व अर्थ : कच + ईश्वर असा गुणसंधी होऊन हा शब्द सिद्ध होतो. समास षष्ठी तत्पुरुष असून ‘कचाचा ईश्वर’, म्हणजे कचाने स्थापिलेले वा पूजिलेले शिवलिंग, असा त्याचा अर्थ होतो. संस्थापकाच्या किंवा उपासकाच्या नावास ‘ईश्वर’ हे पद जोडून शिवलिंगास नाव देण्याची पद्धत शैव परंपरेत फार जुनी आहे. पट्टदकल येथील विरूपाक्ष मंदिर राणी लोकमहादेवीच्या नावावरून मूळचे लोकेश्वर, तेथीलच संगमेश्वर हे चालुक्य राजा विजयादित्यावरून विजयेश्वर, तर तंजावरचे बृहदीश्वर हे चोल सम्राट पहिला राजराज याच्या नावावरून राजराजेश्वर म्हणून ओळखले जाई. कथेतील पुरुषांची नावेही याच रीतीने लिंगांना मिळाली. रामावरून रामेश्वर हे सर्वपरिचित उदाहरण होय. कोपरगाव तालुक्यातील कुंभारी येथील राघवेश्वर हे नावही त्याच घडणीचे आहे.

‘कच’ या संस्कृत शब्दाचा मुख्य अर्थ डोक्यावरील केस असा असून व्रण आणि मेघ हे अर्थही कोशांत दिलेले आहेत. मराठी पंडिती काव्यातील कचभार, कचपाश यांसारख्या समासांत पहिला अर्थ दिसतो. परंतु कचेश्वर या नावात हा शब्दार्थ अभिप्रेत नसून ‘कच’ हे तेथे विशेषनामच आहे. मराठी घरांत ‘कच’ हे नाव सुटे ठेवण्याची चाल नाही. कथानायकाचे नाव लिंगाला जडले आणि लिंगाचे नाव पुढे मुलाला मिळाले, असा या नामाचा प्रवास आहे.

कचाची कथा : महाभारताच्या आदिपर्वात ही कथा आली असून मत्स्यपुराणातही ती सांगितलेली आहे. देव व असुर यांच्या युद्धात असुरांचे गुरू शुक्राचार्य हे संजीवनी विद्येच्या बळावर मृत असुरांना उठवीत. देवगुरू बृहस्पतीला ती विद्या अवगत नव्हती. म्हणून देवांनी बृहस्पतीचा पुत्र कच यास शुक्राचार्यांकडे शिष्य म्हणून पाठविले. सहस्र वर्षांचे ब्रह्मचर्यव्रत पतकरून तो गुरूची आणि गुरुकन्या देवयानीची सेवा करू लागला. त्याचा हेतू ओळखून असुरांनी त्यास तीन वेळा ठार केले. प्रथम तो गायी राखीत असता त्याचे तुकडे करून ते लांडग्यांना घातले. दुसऱ्यांदा फुले आणावयास गेला असता त्याला मारले व देहाचे चूर्ण समुद्रात मिसळले. तिसऱ्यांदा त्याला जाळून ती राख मद्यातून प्रत्यक्ष शुक्राचार्यांनाच पाजली. देवयानीच्या आग्रहामुळे पहिल्या दोन्ही वेळी शुक्राचार्यांनी त्यास सजीव केले. तिसऱ्या वेळी शिष्य गुरूच्या उदरात असल्याने एक जगावयाचा तर दुसऱ्याला मरणे भाग होते. तेव्हा शुक्राचार्यांनी उदरस्थ कचास विद्या शिकविली. तो गुरूचे उदर फोडून बाहेर आला आणि त्याच विद्येने त्याने गुरूला जिवंत केले. मद्यामुळे ओढवलेल्या या प्रसंगानंतर शुक्राचार्यांनी ब्राह्मणांना मद्यपान निषिद्ध ठरविले.

पुढे देवयानीने कचाकडे विवाहाची इच्छा व्यक्त केली. आपण गुरूच्या उदरातून जन्मलो असल्याने तिचे बंधू ठरतो, या कारणाने त्याने नकार दिला. ‘तुझी विद्या तुला फळणार नाही’ असा शाप तिने दिला. त्यावर, ज्याला मी ती शिकवीन त्याला ती फळेल, असे उत्तर देऊन कच स्वर्गास परतला. कोणताही ऋषिपुत्र तिचे पाणिग्रहण करणार नाही, असा प्रतिशापही त्याने दिला होता. पुढे देवयानीचा विवाह राजा ययातीशी झाला [→ ययाति]. स्वतःला न फळणारी, पण इतरांना जीवदान देणारी विद्या मिळविणारा पुरुष, हे कचाचे वैशिष्ट्य नामाच्या अर्थाच्या दृष्टीने महत्त्वाचे आहे.

कोपरगाव व कचेश्वर : महाभारतात ही घटना असुरराज वृषपर्वा याच्या राज्यात घडते, गोदावरीचा त्या कथेत निर्देश नाही. राजस्थानातील सांभर येथेही देवयानीच्या नावाचे कुंड असून तेथील लोक ही कथा आपल्याच भूमीशी जोडतात. तेव्हा कोपरगावाशी असलेला कथेचा संबंध हा स्थानिक परंपरेचा भाग होय. ही परंपरा मात्र दृढ आहे. बेटावर शुक्राचार्यांचे मंदिर व कचेश्वर ही दोन्ही स्थाने जवळजवळ असून गुरू आणि शिष्य दोघेही तेथे पूजिले जातात. शुक्राचा अस्त असताना विवाहादी मंगलकार्ये वर्ज्य मानण्याचा प्रघात महाराष्ट्रात सर्वत्र आहे. परंतु प्रत्यक्ष शुक्राचार्यांच्या सान्निध्यात मुहूर्ताचा असा अडसर राहत नाही, अशी येथील भाविकांची श्रद्धा आहे. या कथेतील ‘संजीवनी’ हा शब्दही तालुक्याच्या सार्वजनिक जीवनात रुळला असून विसाव्या शतकात तेथे उभ्या राहिलेल्या एका सहकारी साखर कारखान्याने तेच नाव धारण केले.

मराठ्यांच्या इतिहासात कोपरगाव प्रसिद्ध आहे ते रघुनाथराव पेशवे यांच्या वास्तव्यामुळे. सालबाईच्या तहानंतर (१७८२) ते येथे राहावयास आले व ११ डिसेंबर १७८३ रोजी येथेच मृत्यू पावले. बेटावरील त्यांच्या वाड्याची व कचेश्वराच्या देवालयाची नोंद १८८४ मधील अहमदनगर जिल्ह्याच्या गॅझेटियरमध्ये आहे. पुतण्या नारायणराव यांच्या वधाचा (३० ऑगस्ट १७७३) ठपका ज्यांच्यावर आला, त्या रघुनाथरावांचे अखेरचे दिवस मृतास उठविणाऱ्या विद्येच्या या स्थानाजवळ गेले, ही इतिहासातील एक लक्षणीय घटना म्हणावी लागेल.

नामकरणातील स्थान : आश्वलायन गृह्यसूत्रात मुलाचे नाव घोषवर्णाने सुरू होणारे, मध्ये अंतःस्थ वर्ण असलेले आणि दोन किंवा चार अक्षरांचे असावे, असा संकेत आहे. कचेश्वर हे नाव चार अक्षरी असून त्यात ‘व’ हा अंतःस्थही आहे. मात्र त्याचा आद्य वर्ण ‘क’ अघोष आहे. ज्योतिषातील अवकहडा चक्राप्रमाणे का, की ही अक्षरे मृगशीर्ष नक्षत्राच्या उत्तरार्धाची, म्हणजे मिथुन राशीची ठरतात; ‘क’ हे आद्याक्षर तेथून येऊ शकते, परंतु नेमके हेच नाव सुचावयाचे तर कचेश्वराचे स्थान परिचित असावे लागते. त्यामुळे शास्त्रसंकेतापेक्षा स्थानिक भक्ती व नवस यांतून हे नाव रूढ झाले असावे, असे अनुमान करता येते. गावच्या किंवा कुळाच्या दैवतावरून मुलास नाव ठेवण्याची रीत महाराष्ट्रात सार्वत्रिक आहे. खंडेराव, म्हसू, ज्योतिबा, तुळजाराम, त्र्यंबक, भीमाशंकर ही नावे त्याच प्रकारची होत. यांतील काहींवरून घराण्याचे मूळ क्षेत्र किंवा कुलदैवत ओळखता येते. कोपरगावापासून जवळच असलेली शिर्डी पूर्वी याच तालुक्यात मोडत असे. तेथील साईबाबांच्या (मृ. १९१८) नावावरून साईनाथ, साईप्रसाद ही नावे पुढे रूढ झाली. हा त्याच रीतीचा अलीकडचा थर होय.

ही रीत केवळ भारतीय नाही. इटलीत नगराच्या रक्षक संताचे नाव मुलास देण्याची प्रथा अनेक शतके चालत आली आहे. नेपल्समधील जेन्नारो, मिलानमधील अँब्रोजो व बोलोन्यातील पेत्रोनिओ ही पुरुषनामे त्या त्या नगराच्या रक्षक संतांची आहेत. जेन्नारो हे नाव लॅटिन यानुआरिउस या नामापासून आले असून त्याचा शब्दार्थ जानेवारी महिन्याशी निगडित आहे. पण नेपल्समधील मातापित्यांच्या मनात महिना नसून सम्राट डायोक्लीशनच्या छळात इ. स. ३०५ च्या सुमारास हुतात्मा झालेला संत असतो. कचेश्वर या नावातही ‘केस’ हा कोशगत अर्थ असाच मागे पडून कथेचा अर्थ पुढे आला.

कचेश्वर व कचरू : उच्चारातील साम्यामुळे या दोन नावांची गल्लत होते, व्युत्पत्तीने मात्र ती भिन्न आहेत. कचरू हे नाव मराठी ‘कचरा’ या शब्दावरून आले असून त्याचा संबंध ‘मलिन’ या अर्थाच्या संस्कृत ‘कच्चर’ शब्दाशी लावतात. आधीची अपत्ये दगावली असता नंतरच्या मुलाला दृष्ट लागू नये व मृत्यूने त्याकडे पाठ फिरवावी, या हेतूने तुच्छतादर्शक नाव ठेवण्याची चाल होती. कचरू, केरू, दगडू, धोंडू, उकिरडा, भिकू ही नावे या वर्गातील असून मुलींसाठी कचराबाई, धोंडाबाई, दगडाबाई अशी नावे ठेवीत. विसाव्या शतकाच्या आरंभी ब्रिटिश हिंदुस्थानात जिवंत जन्मलेल्या दर हजार बालकांपैकी सु. २०० बालके वर्ष पुरे होण्यापूर्वीच मरण पावत. अहमदनगर जिल्ह्याचा मोठा भाग अवर्षणप्रवण असल्याने १८७६–७८ च्या दुष्काळासारख्या आपत्तींची झळ त्याला विशेष बसली.

या पार्श्वभूमीवर दोन्ही नावांची तुलना उद्‌बोधक ठरते. कचरू या नावात मृत्यूला चकविण्याचा प्रयत्न आहे : हे मूल नेण्याजोगे नाही, असे ते नाव सांगते. कचेश्वर या नावात मृत्यूला जिंकलेल्या पुरुषाच्या दैवताचा आश्रय आहे. एक नाव मुलाला लपविते, दुसरे त्याला दैवताच्या स्वाधीन करते. दोहोंच्या मुळाशी मूल वाचावे हीच इच्छा संभवते. म्हणून कचरूसारखी नावे केवळ अडाणीपणाची व कचेश्वरासारखी नावे केवळ भक्तीची मानणे बरोबर नाही. जन्म-मृत्यूची नियमित नोंद होत नव्हती, त्या काळातील घरोघरचे दुःख या दोन्ही प्रकारच्या नावांतून काही प्रमाणात वाचता येते. सामाजिक इतिहासाचे साधन म्हणून व्यक्तिनामांचे महत्त्व ते हेच.

इतिहासातील व साहित्यातील आढळ : हे नाव गोदाकाठापुरते मर्यादित नव्हते. सतराव्या शतकाच्या उत्तरार्धात व अठराव्याच्या आरंभी चाकण (जि. पुणे) येथे कचेश्वर ब्रह्मे हे संतकवी होऊन गेले. तुकारामांच्या अभंगांकडे ते कसे वळले, याचे निवेदन त्यांच्या पद्य आत्मचरित्रात आहे. मराठीतील आत्मचरित्रपर लेखनाचा तो एक जुना नमुना होय. अवर्षणात त्यांच्या कीर्तनाने पाऊस पडला, अशी कथा प्रसिद्ध आहे. हुतात्मा शिवराम हरी राजगुरू (१९०८–३१) यांच्या घराण्याचा मूळ पुरुष म्हणून याच कचेश्वरांचा निर्देश करण्यात येतो.

आधुनिक मराठी साहित्यातही कच वारंवार अवतरला आहे. कृ. प्र. खाडिलकर यांच्या विद्याहरण (१९१३) या संगीत नाटकात ही कथा मद्यपाननिषेधाच्या अंगाने मांडलेली आहे. वि. स. खांडेकर यांच्या ययाति (१९५९) या कादंबरीत भोगासक्त ययातीच्या तुलनेत संयमाचा आदर्श म्हणून कच उभा आहे. साहित्य अकादमीचा पुरस्कार या कादंबरीस मिळाला आणि खांडेकर यांना १९७४ चा ज्ञानपीठ पुरस्कार लाभला. वि. वा. शिरवाडकर यांच्या ययाति आणि देवयानी (१९६६) या नाटकाचा आधारही हेच आख्यान आहे. बंगालीत रवींद्रनाथ टागोरांनी विदाय अभिशाप या संवादकाव्यात कच व देवयानी यांच्या निरोपाचा प्रसंग घेतला. नामकरणाच्या दृष्टीने पाहता, विसाव्या शतकातील सुशिक्षित कुटुंबांनी या आख्यानातून देवयानी, शर्मिष्ठा, संजीवनी ही मुलींची नावे उचलली. कचेश्वर हे नाव मात्र ग्रामीण व जुन्या वळणाचे समजले जाऊन मागे पडत गेले.

नाव मागे पडण्याचे अभिरुचीतील बदल हे एक कारण आहेच. त्याबरोबरच, ज्या भयामुळे अशा नावांना विशेष अर्थ होता ते भयही ओसरले. लसीकरण, प्रसूतिसेवा व पाणीपुरवठा यांत सुधारणा होऊन महाराष्ट्रातील अर्भकमृत्यूचे प्रमाण २०२० मध्ये दर हजारी १६ पर्यंत उतरले. मुलाला वाचविण्याचे काम नावाकडे राहिले नाही. कोपरगावच्या बेटावरील देवस्थानात कचेश्वर हे नाव टिकून आहे. व्यक्तिनाम म्हणून ते वृद्धांच्या नावांत, मुलांच्या नावापुढे लागणाऱ्या वडिलांच्या नावांत आणि जुन्या दप्तरांत अधिक आढळते.