लागूंनी प्रॅक्टिस सोडली, पण कधी?

मिहानमध्ये दर दोन-तीन महिन्यांनी कोणीतरी राजीनाम्याचं बोलतंच. माझ्या टीममधल्या एका मित्राचं सध्या तेच चालू आहे. कॉलेजपासून एकांकिका करतो, आता म्हणतो पूर्ण वेळ नाटकच करायचं. फ्लॅटचा हप्ता सुरू आहे, घरचे गप्प आहेत. आणि त्याचा हुकमी एक्का म्हणजे डॉ. श्रीराम लागू. "ते सर्जन होते भाऊ, सगळं सोडून नट झाले ना!" हे वाक्य तुम्हीही एखाद्या रीलमध्ये ऐकलं असेल. वाक्य खरं आहे, फक्त त्यातली मधली वर्षं गाळलेली आहेत. आज तीच वर्षं बघू.

लागूंचा जन्म साताऱ्याचा, १६ नोव्हेंबर १९२७. पुण्यात मेडिकलला असताना नाटकाचं वेड लागलं. पन्नासच्या दशकाच्या सुरुवातीला भालबा केळकर आणि इतर मित्रांसोबत त्यांनी प्रोग्रेसिव्ह ड्रामॅटिक असोसिएशन, म्हणजे पीडीए, उभी केली. हौशी मंडळी. दिवसभर आपापलं काम आणि उरलेल्या वेळात तालीम. दुसरीकडे डॉक्टरकी व्यवस्थित चालू होती. कान-नाक-घशाचे सर्जन झाले, पुण्यात प्रॅक्टिस केली, पुढच्या शिक्षणासाठी कॅनडा आणि इंग्लंडला गेले, नंतर टांझानियातल्या टाबोरा गावी काम केलं. भारतात असले की पुण्यात पीडीए आणि मुंबईत रंगायन.

प्रॅक्टिस सोडून पूर्ण वेळ नट झाले ते १९६९ मध्ये, वसंत कानेटकरांच्या 'इथे ओशाळला मृत्यू' या नाटकापासून. वय साधारण बेचाळीस. म्हणजे जवळजवळ वीस वर्षं हा माणूस दोन्ही कामं करत होता. आपल्या भाषेत सांगायचं तर साइड प्रोजेक्ट वीस वर्षं चालवला आणि मग प्रॉडक्शनला नेला!

बरं, सोडलं ते कशासाठी? नाटकात नटाला पगार नसतो. 'नाईट' असते, म्हणजे प्रयोग झाला तर पैसे. नट आजारी पडला, प्रयोग रद्द, पैसे नाहीत. प्रॅक्टिस बसलेल्या सर्जनने चाळिशीनंतर हे पत्करलं. धाडस नव्हतं असं कोण म्हणेल? पण हे पुरतं हिशेब केलेलं धाडस होतं असं मला वाटतं. आपण कुठल्या प्रतीचे नट आहोत हे त्यांना तोवर कळलेलं होतं.

आता माझा सगळ्यात आवडता भाग. २३ डिसेंबर १९७०, मुंबईचं बिर्ला मातोश्री सभागृह, 'नटसम्राट'चा पहिला प्रयोग. लेखक वि. वा. शिरवाडकर, निर्मिती गोवा हिंदू असोसिएशनची. गणपतराव बेलवलकर हा आयुष्यभर रंगभूमी गाजवून निवृत्त झालेला म्हातारा नट. सगळं मुलांना वाटून टाकतो आणि मग घरातच परका होतो. शेक्सपिअरचा किंग लिअर आठवावा अशी गोष्ट. ही भूमिका करणारा नट जेमतेम त्रेचाळीस वर्षांचा होता आणि व्यावसायिक रंगभूमीवर येऊन त्याला फार दिवस झाले नव्हते. ज्याची व्यावसायिक कारकीर्द नुकती सुरू झाली, तो सगळी कारकीर्द संपलेल्या नटाचं काम करतोय! आपल्यातल्या बऱ्याच जणांना गणपतराव म्हटलं की २०१६ च्या सिनेमातले नाना पाटेकर आठवतात. पण नाना ज्या वाटेने गेले ती आधी लागूंनी पाडलेली होती.

आणि नागपूरकरांनो, या नाटकाचे दिग्दर्शक कोण होते माहितीये? पुरुषोत्तम दारव्हेकर. आपले दारव्हेकर मास्तर, नागपूरच्या रंजन कला मंदिरचे, 'कट्यार काळजात घुसली' लिहिणारे. ही गोष्ट आपणच का विसरतो, देव जाणे. (हे लागूंसमोर बोललो नसतो. देवाला रिटायर करा म्हणणारा माणूस तो.)

त्याच १९७० मध्ये लागूंनी विजय तेंडुलकरांचं 'गिधाडे' बसवलं. साडीवरच्या रक्ताच्या डागाला सेन्सॉरने हरकत घेतली. मग डाग निळा केला आणि प्रेक्षकांना सांगून टाकलं की हा निळा डाग लाल समजा. कापाकापीला यापेक्षा भारी उत्तर मी ऐकलेलं नाही.

मग सिनेमा. १९७२ मध्ये शांतारामबापूंचा 'पिंजरा', त्यात तमाशातल्या बाईपायी उद्ध्वस्त होणारा मास्तर. जब्बार पटेलांच्या 'सामना'मध्ये साखरसम्राट निळू फुले आणि समोर दारूडे मास्तर लागू. तो सीन यूट्यूबवर सापडला तर इअरफोन लावून ऐका, दोघांचे आवाज बघा कसे भिडतात. १९७७ च्या 'घरौंदा'साठी फिल्मफेअर. ॲटनबरोच्या 'गांधी'त गोपाळ कृष्ण गोखले. बाकी हिंदीत वडील, जज, डॉक्टर असल्या ढीगभर भूमिका केल्या. त्यावर लोक नाकं मुरडतात. मला वाटतं, नाईटवर जगणाऱ्या नटाला हवं ते नाटक करायची मोकळीक असल्याच कामांनी मिळते.

त्यांच्या आत्मचरित्राचं नाव 'लमाण'. बैलांवर माल लादून एका गावचा दुसऱ्या गावी नेणारा तो लमाण. नट म्हणजे लेखकाचा माल प्रेक्षकांपर्यंत नेणारा, एवढंच. इतक्या मोठ्या नटाने स्वतःसाठी हमालाच्या जवळचा शब्द निवडला.

त्यांचा मुलगा तन्वीर लोकलवर कोणीतरी भिरकावलेल्या दगडाने गेला. त्याच्या नावाने लागू आणि दीपा श्रीराम यांनी २००४ पासून रंगकर्मींसाठी 'तन्वीर सन्मान' सुरू केला. १७ डिसेंबर २०१९ ला पुण्यात लागू गेले, वय ९२.

पुढच्या एपिसोडमध्ये दारव्हेकर मास्तर. नागपुरात कोणाच्या घरी त्यांच्या जुन्या प्रयोगांची तिकिटं, फोटो असतील तर नक्की कळवा.