सुपारी, उचल आणि फड : तमाशाच्या बाजारपेठेचा इतिहास (धागा)

पुणे-नाशिक रस्त्यावरील नारायणगावाची ओळख शेतकऱ्याला टोमॅटोच्या बाजारामुळे आणि विज्ञानाच्या अभ्यासकाला जवळच्या खोडद येथील महाकाय रेडिओ दुर्बिणीमुळे आहे. परंतु गुढीपाडव्याच्या आगेमागे या गावात आणखी एक बाजार भरतो. रस्त्यालगत कापडी राहुट्या उभ्या राहतात, प्रत्येकीवर एकेका तमाशा फडाचा फलक लागतो आणि गावोगावचे पंच तेथे आपल्या जत्रेसाठी एक रात्र विकत घ्यायला येतात. म्हणूनच नारायणगावाला ‘तमाशाची पंढरी’ म्हणतात.

तमाशाचा इतिहास बहुधा कलेचा इतिहास म्हणून लिहिला गेला. गण, गवळण, बतावणी, रंगबाजी, वग या क्रमाची आणि लावणीच्या रचनेची चर्चा पुष्कळ झाली. मात्र हा खेळ शेकडो कुटुंबांच्या पोटापाण्याचा व्यवसाय कसा झाला, त्यातला पैसा कोठून आला आणि कोणाच्या हाती थांबला, याकडे त्यामानाने दुर्लक्ष झाले. या धाग्यात ती बाजू पाहू.

आरंभ पेशवाईच्या उत्तरार्धापासून करावा लागतो. राम जोशी, होनाजी बाळा, सगनभाऊ, प्रभाकर, परशराम या शाहिरांच्या काळात लावणीला दरबारचा आणि सरदारांचा आश्रय होता. दुसरा बाजीराव या कलेचा शौकीन होता हे प्रसिद्धच आहे. १८१८ साली पेशवाई बुडाली आणि हा आश्रयदाताच नाहीसा झाला. आश्रय गेला की कला मरते असे सरसकट मानले जाते. येथे तसे घडले नाही. शाहिराला एका धन्याऐवजी अनेक गावे शोधावी लागली.

गावाची गरज दरबारापेक्षा वेगळी होती. जत्रेला जमलेल्या समुदायाला रात्रभर बसवून ठेवायचे, तर सुट्या लावण्या पुरत नाहीत, कथानक लागते. सावळजचे उमाजी यांच्या ‘मोहना बटाव’ला पहिला वग मानण्याची परंपरा आहे, त्याचा काळ १८६५ च्या सुमाराचा सांगतात. वगात राजा, प्रधान, नायिका, सोंगाड्या अशी पात्रे आली. पात्रे वाढली तशी माणसे वाढली आणि चार-सहा जणांच्या संचाचा ‘फड’ झाला. ढोलकी, हलगी, तुणतुणे, कडे यांच्या जोडीला पुढे कनात, दिवे, गाड्या, आचारी, बिगारी आले. इतका पसारा उभा करायला भांडवल लागते. तेव्हापासून फडमालक हा कलावंत आणि व्यावसायिक अशा दुहेरी भूमिकेत वावरू लागला.

दुसरे वळण मुंबईने दिले. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात कापड गिरण्या वाढल्या आणि कोकण-घाटावरचा तरुण गिरणगावात दाटला. त्याच्या हाती महिन्याकाठी रोख पगार होता, आणि गावाकडच्या करमणुकीची ओढ होती. तमाशा तिकिटावर चालू शकतो हे मुंबईच्या थिएटरांनी सिद्ध केले. मूळचे रेठरे हरणाक्षचे ब्राह्मण कुलकर्णी असलेले पठ्ठे बापूराव आणि महार समाजातील पवळा यांच्या जोडीने हा काळ गाजवला. पठ्ठे बापूरावांचे १९४५ साली निधन झाले तेव्हा त्यांच्या गाठी काही उरले नव्हते. असा अंत वाट्याला आलेले ते एकटे कलावंत नव्हेत.

गिरणगावाचा आणखी एक परिणाम फारसा लक्षात घेतला जात नाही. तेथे प्रत्येक गावाची मंडळे असत. ही मुंबईकर मंडळी जत्रेला गावी येत आणि येताना वर्गणी आणत. अशा गावांत देवळाचा कळस, पालखीचा साज आणि रात्रीचा तमाशा यांत मुंबईच्या पगाराचा वाटा असे. १८ जानेवारी १९८२ रोजी सुरू झालेल्या संपाने सुमारे अडीच लाख गिरणी कामगारांचे रोजगार धोक्यात आणले. त्याची झळ कामगारांच्या घरांपुरती राहिली नाही, गावच्या वर्गणीपर्यंत पोहोचली.

आता या कलेची सामाजिक घडण. फडातील बहुसंख्य कलावंत मांग, महार, कोल्हाटी, डोंबारी, गोपाळ अशा जातींतून आले. गावाने त्यांचा खेळ डोक्यावर घेतला, पण त्यांना वस्ती दिली ती बहुधा गावाबाहेर. ज्या स्त्रीच्या अदाकारीवर जत्रेचे यश ठरत असे, तिलाच दुसऱ्या दिवशी नावे ठेवली जात. तरीही व्यवसाय म्हणून पाहिले, तर जमीन नसलेल्या या कुटुंबांना रोख उत्पन्न देणारी, आणि स्त्रीला कर्ती ठरवणारी अशी क्षेत्रे त्या काळी फार थोडी होती. पुढे कितीतरी फड स्त्रियांच्या नावाने चालले. कांताबाई सातारकर, विठाबाई नारायणगावकर, मंगला बनसोडे ही नावे फलकावर मालकीणबाई म्हणून झळकली.

स्वातंत्र्याच्या आगेमागे बाळासाहेब खेर यांच्या मंत्रिमंडळाने अश्लीलतेच्या आक्षेपावरून तमाशावर बंदी घातली. कलावंतांची शिष्टमंडळे सरकारदरबारी गेली, सुधारणेसाठी समिती नेमली गेली, आणि अखेर संहिता तपासून परवानगी देण्याच्या अटीवर खेळ पुन्हा सुरू झाले. गंमत अशी की, त्याच सुमारास, १९४७ साली, ‘लोकशाहीर रामजोशी’ पडद्यावर आला आणि पांढरपेशा प्रेक्षकाने त्यातील लावण्यांना डोक्यावर घेतले. १९५१ साली ‘अमर भूपाळी’ आला. १९५९ चा ‘सांगत्ये ऐका’ पुण्याच्या विजयानंद चित्रपटगृहात १३१ आठवडे चालला. तमाशाच्या जिवावर पडद्याने मोठे उत्पन्न मिळवले. त्यातले फडाच्या तंबूपर्यंत किती आले, याचा विचार तमाशाप्रधान चित्रपटांच्या कौतुकात सहसा येत नाही.

नारायणगावाचा उदय या काळातला. भाऊ-बापू नारायणगावकर या बंधूंच्या फडाने गावाचे नाव सर्वदूर नेले. भाऊंची कन्या विठाबाई हिने ते शिखरावर पोहोचवले. १९३५ साली पंढरपुरात जन्मलेल्या विठाबाईंची एक हकिकत महाराष्ट्रात घरोघरी सांगितली जाते : दिवस भरलेले असताना त्या नाचत होत्या, कळा आल्या तशा रंगमंचामागे गेल्या, बाळंत झाल्या, दगडाने नाळ तोडली आणि पुन्हा प्रेक्षकांसमोर उभ्या राहिल्या. ही हकिकत कलानिष्ठेचे उदाहरण म्हणून सांगतात. तिचा दुसरा अर्थही आहे. सुपारी घेतलेली आहे, खेळ मोडला तर पैसे जातात आणि फडातल्या सगळ्यांची त्या रात्रीची भाकरी जाते, हे त्या बाईला ठाऊक होते.

नारायणगावच का? एक तर ते हमरस्त्यावर आहे. दुसरे, जुन्नर, आंबेगाव, खेड, शिरूर या तालुक्यांत चैत्र-वैशाखात जत्रांची रांगच लागते. तिसरे कारण पाण्याचे. कुकडी प्रकल्पाच्या धरणांमुळे या भागात ऊस, द्राक्ष, भाजीपाला आला आणि शेतकऱ्याच्या हाती रोख पैसा खेळू लागला. घरटी वर्गणी वाढली, तसा जत्रेचा थाटही वाढला.

राहुटीतला व्यवहार पाहण्यासारखा असतो. पंच एका राहुटीत बसत नाहीत, पाच-सहा फिरतात. यंदा नवे वग कोणते, नाचणाऱ्या किती, सोंगाड्या कोण, गेल्या वर्षी शेजारच्या गावात खेळ कसा झाला, याची चौकशी होते. मग तिथी. सुपारीचा भाव फडाच्या नावावर जितका ठरतो तितकाच तिथीवर ठरतो. चैत्र वद्य अष्टमीला, म्हणजे कालाष्टमीला, असंख्य भैरवनाथांच्या जत्रा एकाच दिवशी येतात; त्या रात्रीचा भाव सर्वांत चढा. तोच फड दोन दिवसांनी बऱ्याच कमी रकमेत मिळू शकतो. अलीकडे मोठ्या फडाची एका रात्रीची सुपारी लाखांच्या घरात गेली आहे. सौदा पटला की इसार दिला जातो, करारपत्र होते आणि वहीत तारीख अडकते.

जत्रेचा दिवस ठरलेल्या क्रमाने जातो : देवाला अभिषेक, घाटात बैलगाडा, सायंकाळी पालखी आणि छबिना, रात्री तमाशा, दुसऱ्या दिवशी सकाळी कलावंतांची हजेरी आणि दुपारी कुस्त्यांचा आखाडा. या एका दिवसाभोवती खेळणीवाले, मिठाईवाले, पाळणेवाले, मंडपवाले, वाजंत्री, आचारी, वाहतूकदार असा मोठा परिवार जगतो. माहेरवाशिणी येतात, सोयरिकी जमतात, उधाऱ्या फिटतात आणि नव्या होतात. गावकीतले तंटे वर्गणीच्या बैठकीत उफाळतात आणि पुष्कळदा तेथेच मिटतात.

परंतु सुपारीचे दिवस जेमतेम महिना-दीड महिन्याचे. पूर्णवेळ फडाचा हंगाम दसऱ्याला सुरू होतो आणि वैशाखापर्यंत चालतो. मधले महिने तिकिटाच्या तंबूवर काढावे लागतात. मार्गशीर्षात नांदेड जिल्ह्यातील माळेगावच्या खंडोबाची यात्रा, पुढे ठिकठिकाणचे उरूस, असा फिरता मार्ग असतो. तंबूत तोटा आला तर तो चैत्रातल्या सुपाऱ्यांनी भरून काढायचा, हे या धंद्याचे साधे गणित. चैत्र बुडाला तर भरून काढायला दुसरा महिना नाही.

या गणिताच्या तळाशी ‘उचल’ आहे. हंगामापूर्वी, पावसाळ्यात, हाताला काम नसताना कलावंत मालकाकडून आगाऊ रक्कम उचलतो आणि वर्षभराच्या पगारातून ती फेडतो. ऊसतोड मजुराची पद्धत नेमकी हीच. उचलीमुळे लग्न पार पडते, घर शाकारले जाते, दवाखाना भागतो. पण तिच्यामुळेच फड सोडण्याचे स्वातंत्र्य जाते. मालकाला मात्र शोषक ठरवून मोकळे होता येत नाही. उचल वाटायला तोही सावकाराकडून व्याजाने पैसे आणतो, आणि बँक त्याला दारात उभे करत नाही, कारण फडाकडे तारण ठेवण्याजोगे काही नसते : जुने ट्रक, जनित्र, कापड आणि एक नाव.

गेल्या काही दशकांत हा आधार आणखी खचला. २००० सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांनी रात्री १० नंतर ध्वनिक्षेपकाला मनाई केली. काही ठराविक दिवस मध्यरात्रीपर्यंत सवलत मिळते, तेवढीच. नियमामागील हेतू योग्य आहे, आजारी माणसालाही झोप हवी. पण पहाटेपर्यंत चालणाऱ्या खेळाला त्याचा मोठा फटका बसला. वेळ कापायची तर लोक गाण्यांना हात लावू देत नाहीत. कापला जातो तो वग. ज्या वगाने फडाला फड बनवले, तोच तासाभराच्या आत गुंडाळला जाऊ लागला. शिवाय मे २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या निर्णयाने बैलगाडा शर्यती थांबल्या, त्या डिसेंबर २०२१ पर्यंत. घाट ओस पडला की जत्रेची दिवसाची गर्दीही ओसरते.

सरकारने या काळात अगदीच हात आखडला असे नाही. पूर्णवेळ आणि हंगामी फडांना अनुदान मिळू लागले, विठाबाईंच्या नावाने जीवनगौरव पुरस्कार २००६ पासून सुरू झाला. स्वतः विठाबाई जानेवारी २००२ मध्ये हलाखीत वारल्या होत्या. या मदतीचा रोख कलेच्या जतनाकडे आहे. तंबू ठोकणाऱ्या, गाडी हाकणाऱ्या, स्वयंपाक करणाऱ्या माणसाचा विमा, निवृत्तिवेतन, मुलांची शाळा हे प्रश्न त्यात दुय्यमच राहिले. दर आठ-दहा दिवसांनी मुक्काम हलवणाऱ्या कुटुंबातील मूल कोणत्या पटावर असावे, हा प्रश्न तर फडाइतकाच जुना आहे.

२०२० साली गुढीपाडवा २५ मार्चला होता. देशव्यापी टाळेबंदी त्याच दिवशी सुरू झाली. उचल वाटून झालेली, तंबूचे महिने संपत आलेले आणि सुपाऱ्यांचे दिवस तोंडावर. एका रात्रीत सर्व जत्रा रद्द झाल्या. २०२१ चा पाडवा १३ एप्रिलला आला आणि १४ एप्रिलच्या रात्रीपासून राज्यात पुन्हा कडक निर्बंध लागले. दोन्ही वर्षे चैत्रच हातचा गेला. कोणी मजुरीला गेले, कोणी भाजी विकली; मालकांच्या गाड्या दारात उभ्या उभ्या गंजल्या आणि व्याज मात्र थांबले नाही.

२ एप्रिल २०२२ रोजी, पाडव्याच्याच दिवशी, राज्यातील निर्बंध उठले. नारायणगावात राहुट्या पुन्हा लागल्या आणि पंच पुन्हा फिरू लागले. काही फलक त्या ओळीत दिसले नाहीत. जे दिसले, त्यांच्या वहीत यंदाच्या तारखांच्या आधी दोन वर्षांपूर्वीच्या उचलीचा हिशेब मांडायचा होता.