राजाचा शक आणि मृगाचा सन

नवा राजा गादीवर आला की नवी नाणी पडतात, हे आपण शाळेत शिकतो. नवी कालगणना सुरू करणारे राजे मात्र थोडेच. शिवाजी महाराज त्यांतले एक. ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशी, शालिवाहन शके १५९६, म्हणजे ६ जून १६७४ रोजी रायगडावर राज्याभिषेक झाला आणि त्याच तिथीपासून राज्याभिषेक शक मोजू लागले. या शकाचे वर्ष पाडव्याला नव्हे, तर ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशीला पालटे.

पण मंडळी, खरी गंमत पुढेच आहे. फारसी शब्दांना संस्कृत पर्याय देणारा राज्यव्यवहारकोश याच काळातला. तरीही कारभाराच्या कागदांवर सुहूर सन चालूच राहिला, आणि तोही अरबी आकड्यांच्या नावांनी! राज्याभिषेकाचे साल ‘खमस सबैन अलफ’. पाच, सत्तर आणि हजार, म्हणजे १०७५.

असे का? हिजरी वर्ष चांद्र, सौर वर्षाहून सुमारे ११ दिवसांनी लहान. त्या हिशेबाने सारा मागितला तर ३३ पिकांवर शेतकऱ्याला ३४ वेळा सारा भरावा लागेल! आपले शकाचे वर्षही अधिक महिन्यामुळे कधी ३५४ दिवसांचे, तर कधी ३८४ दिवसांचे. सुहूर सन मात्र सूर्य मृग नक्षत्रात शिरला की पालटे. म्हणून तर त्याला ‘मृगसाल’ म्हणत. हिजरी ७४५, म्हणजे इ.स. १३४४ च्या सुमारास तो सुरू झाला असे मानतात. पुढे दोघांत अंतर पडत गेले. १६७४ साली हिजरी १०८५ चालू होते आणि मृगसाल १०७५.

इतिहास शिकवताना मी मुलांना हे सांगत असे, तेव्हा मृग समजावून द्यावा लागत नसे. आमच्या लांज्याकडे रोहिणीत धूळवाफ पेरणी करायची आणि मृगाची वाट बघायची, हे त्यांनी घरीच पाहिलेले असे. आजही महाराष्ट्रात महसुली वर्ष १ ऑगस्टला सुरू होते, १ जानेवारीला नाही. सरकार बदलले तरी शेताची गरज तीच!

राज्याभिषेक दिन ६ जूनला करावा की तिथीने, यावर हल्ली हिरिरीने वाद होतात. २०२३ साली रायगडावर २ जूनला तिथीने आणि ६ जूनला तारखेने, असे दोन्ही सोहळे झाले. दोन्हींचा मान मोठाच. पण स्वतःच्या नावाचा शक सुरू करणाऱ्या राजाने रयतेच्या सोयीचा जुना सन परका म्हणून टाकून दिला नाही, ही गोष्ट त्या वादात कुणी काढत नाही. मराठेशाहीबरोबर राजाचा शक मावळला, मृगसालही दप्तरातून गेले. मृग मात्र ठरल्या वेळी लागतोच.

मला विचाराल तर महाराजांचा मोठेपणा नवा शक सुरू करण्यात आहे, तितकाच जुना सन राहू देण्यातही आहे.