पायांनी पाहिलेली बारव

माझं आजोळ सेलू तालुक्यातलं, दुधनेच्या खोऱ्यातलं. तिथली बारव परक्या माणसाला दाखवावी लागे. देवळाला शिखर, मशिदीला मिनार, गढीला बुरूज. बारवेला वर काहीच नाही. सपाट काळ्या रानात ती अगदी काठाशी जाईपर्यंत दिसत नसे. तरी गावातले सगळे पत्ते तिच्यावरूनच सांगत. बारवेच्या अलीकडं, बारवेच्या वरच्या अंगाला.

आजी म्हणायची, बारव आधी नाकाला कळते. परभणीच्या वैशाखात पारा ४५ अंशांच्या घरात जातो. त्या उन्हात डोईवर रिकामी घागर घेऊन निघालं की वाटेतच ओला दगड, शेवाळ आणि पारव्यांची घाण यांचा मिळून एक वास यायचा. मग ती पायांना कळायची. वरच्या पायऱ्या इतक्या तापलेल्या असत की बायका त्या पळतच उतरत. खाली एक पायरी अशी लागे की तिथं तळवा टेकला की गारवा पार डोक्यापर्यंत जाई. तिला त्या 'इसाव्याची पायरी' म्हणत. त्याच पायरीवर पहिलं पाणी येई कानाला. तळाशी कुणी घागर बुडवली की तो आवाज दगडांवरून घुमत वर यायचा आणि पाणी किती खाली गेलंय ते न वाकता समजायचं. सासूचं गाऱ्हाणं मात्र तिथं सांगायची सोय नव्हती. तळाची कुजबुज काठावर स्वच्छ ऐकू येई.

आजोबा पाऊसमान पायऱ्यांत मोजत. "औंदा सातवी बुडाली," म्हणजे साल बरं. १९७२ च्या दुष्काळात कधी कुणी न पाहिलेली शेवटची पायरी उघडी पडली, आणि तिच्या खालचा झरा वाटीनं टिपून घागरी भराव्या लागल्या. हे सांगताना ते हाताची वाटी करून दाखवत.

ही बारव कुणी बांधली, असं विचारलं की उत्तर ठरलेलं: हेमाडपंतानं, एका रात्रीत. हेमाद्री हा देवगिरीच्या महादेव आणि रामचंद्र यादवांचा मंत्री, तेराव्या शतकातला. त्याच्या आधीही या मुलखात अशी बांधकामं होत होती. पण एका रात्रीची ती गोष्ट मला खोटी वाटत नाही. चुन्याशिवाय एकावर एक बसवलेले ते काळे चिरे पाहून माणसाला दुसरं काय सुचणार? पावसाळ्यात फुगणारी आणि उन्हाळ्यात भेगाळणारी काळी माती चहूबाजूंनी रेटत असताना ते चिरे शेकडो वर्षं जागचे हललेले नाहीत. सांध्यांतून पाणी पाझरत आत येतं ते वेगळंच. 'अपराजितपृच्छा' या जुन्या शिल्पग्रंथात बारवांचे प्रकार दिले आहेत: एका वाटेची नंदा, दोन वाटांची भद्रा, तीन वाटांची जया, चार वाटांची विजया. म्हणजे विहिरीची ओळखसुद्धा माणूस खाली कसा उतरतो यावरून.

आणि या उतरण्यातच घात होता. आजीच्या थोरल्या जावेच्या घोट्याला नारू निघाला होता. पाण्यातल्या सूक्ष्म किड्यांवाटे तो पोटात जातो, वर्षभरानं पायाला फोड येऊन दोरीसारखा बाहेर निघू लागतो. घरच्यांनी त्याचं टोक काडीला गुंडाळलं होतं. रोज बोटभर सुटे. तुटला तर पाय सुजून जाई. असा पाय कुणी बारवेत बुडवला की त्यातून पुन्हा अळ्या पाण्यात. १९८३-८४ पासून देशभर नारू निर्मूलनाची मोहीम चालली. अशा पाण्यात उतरणं बंद करणं हा तिचा मोठा भाग होता. १९९६ साली भारतातला शेवटचा रुग्ण नोंदला गेला आणि २००० मध्ये देश नारूमुक्त ठरला. बारवा ओस पडल्या म्हणून हळहळणाऱ्यांनी हेही सांगायला हवं. पाय पाण्यात टेकवायचं ते सुख बंद झालं, ते बरंच झालं. पण हापसे आले, नळ आले, आणि लोकांनी बारवेत कचरा टाकायला सुरुवात केली. याला मात्र कसलंही समर्थन नाही.

आता दिवस पालटले आहेत. आमच्याच तालुक्यात वालूरची बारव गावकऱ्यांनी गाळ-कचरा उपसून मोकळी केली. तिच्या पायऱ्या चक्राकार फिरत तळाशी जातात. आकाशातून काढलेले तिचे फोटो पाहून दूरदूरची माणसं येतात. मला त्याचा अभिमान आहे. तेच फोटो मी आजोळच्या म्हाताऱ्या मामीला मोबाइलवर दाखवले. तिनं मोबाइल जवळ नेला, लांब नेला, आणि विचारलं, "हितं सावली आधी कुठल्या अंगाला पडती?"

मला सांगता येईना. मग तीच आपल्या गावच्या बारवेचं सांगू लागली. दुपार कलली की मावळतीची बाजू आधी सावलीत जाते. म्हणून तिसऱ्या प्रहरी सगळ्या बायका त्याच अंगानं उतरत. उगवतीचा जिना सकाळचा. आमच्या बारवेचा अर्धा गाळ आता निघाला आहे. मी मुद्दाम जाऊन दोन्ही जिने हातांनी चाचपून पाहिले. उगवतीच्या पायऱ्यांच्या कडा अजून बोटाला टोचतात. मावळतीच्या पायऱ्या मध्यभागी खोलगट झाल्या आहेत, गुळगुळीत.