कालगणना नावाची संहिता : शुहूर सन, राज्याभिषेक शक आणि फसली

जे. आर. आर. टोल्किन यांच्या ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’च्या अखेरच्या खंडात (१९५५) एक परिशिष्ट कल्पित जगाच्या कालगणनेला वाहिलेले आहे. प्रत्येकी तीस दिवसांचे बारा महिने, महिन्यांबाहेर राहणारे पाच दिवस आणि त्यांतला एक कोणत्याही वारात न बसणारा, अशी ही रचना आहे. अशा कालगणनेला ‘काल्पनिक’ म्हणताना तिच्याविरुद्ध एखादी ‘खरी’ कालगणना गृहीत धरलेली असते. हे गृहीतक कितपत टिकते, याची तपासणी दौलताबाद-औरंगाबाद परिसराच्या इतिहासाच्या आधारे करता येते. कारण या भूमीने गेल्या सहाशे वर्षांत एकाहून अधिक रचित कालगणना वापरल्या आणि विसरल्या.

मराठी दप्तरांतील शुहूर सन हे पहिले उदाहरण होय. हिजरी वर्ष चांद्र, सुमारे ३५४ दिवसांचे. शेतसारा मात्र पिकाच्या म्हणजे सौर वर्षाच्या हिशेबाने गोळा होणार. ही विसंगती मिटविण्यासाठी हिजरीचा आकडा एका क्षणी थांबवून सौर वर्षावर बसविण्यात आला. शुहूर व हिजरी हे आकडे १३४४ मध्ये, म्हणजे ७४५ या वर्षी, जुळतात. त्यावरून या सनाचा उगम मुहम्मद तुघलकाच्या कारकिर्दीत मानला जातो. सूर्य मृग नक्षत्रात शिरला की हे वर्ष सुरू होई. म्हणून त्याला ‘मृग साल’ असेही नाव पडले. पुढे दोन्ही गणना दूर गेल्या. पानिपतच्या युद्धाच्या वेळी, जानेवारी १७६१ मध्ये, हिजरी सन ११७४ चालू होता, तर शुहूर ११६१. म्हणजे शुहूरचा आकडा हिजरीचा असूनही हिजरीतले वर्ष सांगत नाही. चिन्ह टिकले, चिन्हित बदलले.

हे वर्ष अंकांत नव्हे, तर अरबी संख्याशब्दांत लिहिले जाई. ११६१ म्हणजे ‘इहिदे सितैन मया व अलफ’ : एक, साठ, शंभर आणि हजार. अरबी न जाणणारा कारकूनही मोडी लिपीत हे शब्द सहज लिहीत असे. तिथी मात्र बहुधा हिजरीच्या चांद्र महिन्याची असे. एकाच पत्रात सौर वर्ष व चांद्र महिना असे दोन काळ शेजारी नांदत. याचा परिणाम अभ्यासकाला भोवतो. सौर वर्ष चांद्र वर्षाहून सुमारे अकरा दिवसांनी मोठे असल्याने शुहूर वर्षाच्या आरंभीच्या काही तिथी त्याच वर्षाच्या अखेरीस पुन्हा येतात. अशा तिथीचे पत्र केवळ तारखेवरून कोणत्या टोकाचे, हे ठरत नाही. मजकूर वाचूनच ते ठरवावे लागते. काळ संहितेचा अर्थ लावतो, तशी संहिताही काळाचा अर्थ लावते.

१६७४ मध्ये शिवाजी महाराजांनी राज्याभिषेकाबरोबर स्वतःचा शक सुरू केला. त्याच राज्यात फार्सी-अरबी राजकीय शब्दांना संस्कृत पर्याय देणारा ‘राज्यव्यवहारकोश’ सिद्ध झाला. भाषा आणि काळ या दोहोंवर सार्वभौमत्वाची मुद्रा उमटविण्याची ही एकच प्रेरणा होय. तरीही शुहूर सन हटला नाही. पेशवाईच्या हिशेबांत तो अखेरपर्यंत वावरला. प्रतीकाचे सामर्थ्य मोठे खरे, पण वसुलीची सवय अधिक चिवट ठरली.

मराठवाड्याचा जवळचा अनुभव फसलीचा आहे. ‘फसल’ म्हणजे पीक. फसली हे महसुलाचे वर्ष. हैदराबाद संस्थानच्या अखेरच्या दशकांत ते ऑक्टोबरच्या आरंभी आजर महिन्याने सुरू होई. महिन्यांची नावे इराणी. परंतु इराणात वर्षारंभी येणारा फरवर्दी येथे पाचवा. ऋतूंपासून सुटलेली ही नावे ऐकणाऱ्याला परकी, पण सातबाऱ्याच्या आधीच्या कागदांत अपरिहार्य होती. १७ सप्टेंबर १९४८ रोजी संस्थानाने शरणागती पत्करली, तेव्हा १३५७ फसलीचा शेवटचा महिना, आबान, चालू होता. राज्य आणि वर्ष जवळजवळ एकदमच संपले. कायद्याच्या नावात मात्र फसली मागे राहिली : १३१७ फसलीचा हैदराबाद जमीन महसूल कायदा महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ अमलात येईपर्यंत टिकला. दरम्यान २२ मार्च १९५७ पासून राष्ट्रीय पंचांग आले. त्याला शासनाची मान्यता लाभली, लोकांची सवय लाभली नाही.

या क्रमातून एक भेद स्पष्ट होतो. रचितपणाच्या दृष्टीने टोल्किनची कालगणना आणि फसली यांत अंतर नाही. अंतर आहे ते बंधनात. कादंबरीतली कालगणना वाचक स्वेच्छेने मान्य करतो, पुस्तक मिटताच तिच्यातून सुटतो. फसलीतून कुळाला सुटका नव्हती. साऱ्याचा हप्ता त्याच तारखेला भरावा लागे. कल्पिताला वास्तवाचा दर्जा देणारी गोष्ट सत्य नसून सत्ता असते, असे म्हणावे लागते.

मराठी वाङ्मयेतिहासाने इसवी सनाचा स्वीकार सोयीसाठी केला, हे योग्यच. परंतु रूपांतरित तारीख ही भाषांतरासारखी असते : ती अर्थ पोचविते आणि काही मागे ठेवते. आजोबांच्या कागदावरचे ‘आबान’ न कळणारी पिढी केवळ एका महिन्याचे नाव विसरलेली नसते. ज्या व्यवस्थेत तो कागद लिहिला गेला, तिच्याकडे जाणारी वाटही तिने गमावलेली असते. मूळ कालनिर्देश तसाच जपून त्याशेजारी इसवी सन देणे, ही संपादनाची शिस्त म्हणूनच केवळ तांत्रिक नाही. ती वाचनाची पहिली अट आहे.