‘कार्लश्टेनवरची रात्र’: नाटक व पटकथा
१२. १९७३चा हा चित्रपट यारोस्लाव व्रख्लित्स्की यांच्या १८८४मधील त्याच नावाच्या सुखात्मिकेवर बेतलेला आहे. पटकथा व दिग्दर्शन झ्देन्येक पोडस्काल्स्की यांचे. त्यांनी गाणी पदरची घुसडली, हा आक्षेप वरवरचा आहे. स्त्रियांना रात्री मज्जाव असलेल्या कार्लश्टेन गडावर सम्राट चौथ्या कारेलची राणी पुरुषी वेशात शिरते. रंगमंचावर हे सोंग अंतरामुळे खपते. पण कॅमेरा चेहऱ्याला भिडला आणि मागे खराखुरा कार्लश्टेन दिसू लागला, की ते उघडे पडण्याचा धोका असतो. पण संगीतकार कारेल स्वोबोदांच्या चालींवर पात्रे गाऊ लागली, की प्रेक्षक वास्तवाचा हट्टच सोडतो. गाण्यांमुळे कथानक रेंगाळते, हे मान्य. पण सोंग पचते तेही त्यांच्याचमुळे.