पेनिसिलीनची पिंपरी

एका बाजूला पाषाणची राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळा, दुसऱ्या बाजूला पिंपरीचा हिंदुस्थान अँटिबायोटिक्सचा कारखाना, आणि मधल्या वाटेवर आमची सांगवी. फाट्यापाशी औंधचं उरो रुग्णालय. शोध जिथे लागायचा ती जागा, औषध जिथे तयार व्हायचं ती जागा आणि ते ज्याला टोचायचं तो क्षयरोगी, हे तिघं एकमेकांच्या इतके जवळ असलेली ठिकाणं देशात फार नसतील. जुन्या सांगवीत माझं औषधाचं दुकान. आता ते मुलगी बघते. डी. फार्म करून मी दुकान टाकलं तेव्हा गिऱ्हाइकं कंपनीचं पूर्ण नाव घेत नसत. कुणी ‘एचए’ म्हणे, म्हातारी माणसं ‘पेनिसिलीन कंपनी’ म्हणत.

पेनिसिलीन आम्ही लाखांत विकायचो. पाच लाखांची बाटली, दहा लाखांची बाटली. हे लाख रुपयांचे नव्हेत, औषधाच्या ताकदीचे, म्हणजे युनिटचे. संधिवाताच्या तापाने हृदयाच्या झडपा खराब झालेल्या मुलांसाठी ‘बारा लाखांचं’ इंजेक्शन यायचं, बेन्झाथिन पेनिसिलीन. दर एकवीस दिवसांनी, वर्षानुवर्षं. गेल्या काही वर्षांत हेच इंजेक्शन अधूनमधून बाजारातून गायब होतं. आई चिठ्ठी घेऊन उभी असते आणि पिंपरी-चिंचवडच्या चार दुकानांत फोन लावूनही मिळत नाही. त्याचा मूळ पदार्थ बनवणारे जगात मोजकेच, आणि त्यातले बहुतेक चीनमध्ये. इथून जवळच, पिंपरीत, हेच पेनिसिलीन १९५५ पासून बनत होतं. मग असं का झालं, हा प्रश्न मला सोडत नाही.

सुरुवात मुंबईच्या हाफकिन संस्थेत शोधावी लागते. मेजर जनरल साहिबसिंग सोखी १९३२ ते १९४९ तिथले संचालक होते. औषधं सरकारने स्वतः बनवावीत, नाहीतर गरिबापर्यंत ती पोहोचणार नाहीत, हे त्यांनी स्वातंत्र्याच्या आधीपासून लावून धरलं. महायुद्धाने पेनिसिलीनची किंमत जगाला दाखवली होती, पण ते मोठ्या टाकीत वाढवण्याची विद्या अमेरिका-युरोपातल्या थोड्या कंपन्यांपाशी होती. १९५० मध्ये सोखी जागतिक आरोग्य संघटनेत सहायक महासंचालक झाले. १९५१ मध्ये भारत सरकार, युनिसेफ आणि जागतिक आरोग्य संघटना यांच्यात करार झाला. परदेशी यंत्रं युनिसेफने द्यायची, तज्ज्ञ आणि प्रशिक्षण आरोग्य संघटनेने, जागा-इमारती-पगार सरकारने. १० मार्च १९५४ ला कंपनी नोंदली गेली, पुढच्या वर्षी ऑगस्टमध्ये उत्पादन सुरू झालं, आणि १९५६ मध्ये पंडित नेहरू पिंपरीला आले.

तारखा पाठ असलेले पुष्कळ भेटतात. मला त्या करारामागचा विचार त्यांहून मोठा वाटतो. इथे जे शिकलं जाईल ते झाकून ठेवायचं नाही, इतर देशांतल्या माणसांनाही ते शिकता यावं, अशी त्यामागची धारणा होती. पैसा सार्वजनिक, तर विद्याही सार्वजनिक. १९५८ पासून कंपनी ‘हिंदुस्थान अँटिबायोटिक्स बुलेटिन’ हे शोधपत्र काढू लागली. औषधाचा कारखाना आपल्या प्रयोगशाळेतलं काम छापून जगाला वाटतो, ही गोष्ट आजच्या औषधधंद्यात कुणाला पटणारही नाही.

पेनिसिलीन बनवणं हे यंत्र विकत घेऊन जमणारं काम नाही. बुरशी जिवंत असते. आधी ती छोट्या पात्रात वाढवायची, मग मोठ्या टाकीत, मग त्याहून मोठ्या. खाली सतत हवा सोडायची, आणि ती हवा पूर्ण निर्जंतुक हवी. साखर, नत्र, आम्लता, तापमान, सगळं तासातासाला बघायचं. सहा-एक दिवसांनी रस गाळायचा, थंड ठेवून आम्लात आणायचा, द्रावकात ओढायचा आणि परत क्षारात बसवायचा. हे झपाट्याने करावं लागतं, कारण आम्लात पेनिसिलीन पटकन मोडतं. एका झडपेतून बाहेरचा जंतू शिरला की सगळी टाकी गटारात. बुरशीचा वाणही दर पिढीला बिघडू शकतो, म्हणून प्रयोगशाळेत माणसं कायम त्यातली चांगली निवडत बसलेली हवीत. ती माणसं चार वर्षं हटवली, की पाचव्या वर्षी नुसत्या टाक्या उरतात.

पिंपरीच्या लोकांनी हे जाणलं होतं, म्हणून त्यांनी कारखान्याला प्रयोगशाळा जोडली आणि ती पेनिसिलीनपुरती ठेवली नाही. डॉ. एम. जे. तिरुमलाचार आणि त्यांचे सहकारी मातीतले जंतू गोळा करत, वाढवत, एकमेकांवर सोडून बघत. पिंपरीच्याच नावाने ओळखल्या जाणाऱ्या ‘स्ट्रेप्टोमायसिस पिंप्रिना’ या जंतूपासून त्यांना बुरशी मारणारं एक प्रतिजैविक मिळालं. १९६१ मध्ये त्याचा शोध त्याच बुलेटिनमध्ये छापला गेला. कंपनीच्या आद्याक्षरांवरून नाव ठेवलं हॅमायसिन. साठच्या दशकात अमेरिकेतल्या डॉक्टरांनी शरीरात खोल गेलेल्या बुरशीवर ते वापरून पाहिलं. मी ते विकलं तान्ह्या बाळांच्या तोंडातल्या पांढऱ्या बुरशीसाठी. बोटाला कापूस गुंडाळून कसं लावायचं, हे मी कितीतरी आयांना दाखवलं आहे. पिकांवरच्या बुरशीसाठी त्याच प्रयोगशाळेतून ऑरिओफंगिन आलं. भारतात सरकारी पैशाने शोध लागत नाहीत म्हणणाऱ्यांना मी ही दोन नावं सांगतो.

स्ट्रेप्टोमायसिनची कथा थोडी वेगळी. ती विद्या अमेरिकेच्या मर्क कंपनीकडून घ्यावी लागली. करार १९५८ चा, उत्पादन १९६२ चं. पण त्याचा परिणाम आम्ही सांगवीकरांनी डोळ्यांनी पाहिला. उरो रुग्णालयात आलेली माणसं घरी परत जाऊ लागली. माझे वडील सांगत की त्यांच्या लहानपणी क्षय झालेला माणूस गावाबाहेर राहायचा आणि त्याचं भांडंही कुणी परत घेत नसे. मी दुकानात बसलो तोवर लोक रोज टोचून घेऊन कामावर जात होते. कान बधिर होतात अशी तक्रार करत, पण जात.

पाषाण आणि पिंपरी यांच्यातला धागाही सांगायला हवा. राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळा ३ जानेवारी १९५० ला उघडली. तिथल्या जीवरसायनशास्त्रज्ञांनी, डॉ. सी. शिवरामन यांच्या विभागात, पेनिसिलीनचा रेणू एका विकराने तोडण्याची पद्धत बसवली. त्यातून ६-एपीए नावाचा गाभा मिळतो आणि त्याच्यापासून अँपिसिलीन, अमोक्सिसिलीन बनतं. ही पद्धत पिंपरीच्या कारखान्यात उत्पादनात आली. एका सरकारी खिशातून पगार घेणाऱ्यांनी शोधलं, दुसऱ्या सरकारी खिशातून चालणाऱ्यांनी वापरलं, आणि दोघांमध्ये फक्त आमची सांगवी होती. विज्ञान धोरणाची पुस्तकं ज्या गोष्टीची वाट बघतात, ती इथे होऊन गेली.

४ मार्च १९५८ चा विज्ञान धोरण ठराव संसदेत आला तेव्हा पिंपरीची सुरुवात ताजी होती. पुढे १९७० चा पेटंट कायदा झाला. त्यात औषधाच्या रेणूवर मक्तेदारी नव्हती, फक्त कृतीवर होती. त्यातून खासगी भारतीय कंपन्या उभ्या राहिल्या, आणि त्यांच्या पहिल्या पिढीतले कितीतरी रसायनतज्ज्ञ सरकारी कारखान्यांत हात बसवून गेलेले होते. हा परतावा कुठल्याच ताळेबंदात दिसत नाही. ताळेबंदात दिसली ती तूट: दरनियंत्रणाखाली विकलेलं औषध, जुनी यंत्रं, अवाढव्य पगारपत्रक. कारभारातही दोष होते, ते मी नाकारत नाही. तरी खरी चूक पैसा देणाऱ्यांची झाली असं माझं ठाम मत आहे. संशोधनासाठीचा पैसा त्यांनी दुकानाच्या गल्ल्यासारखा मोजला. तोटा दिसला की पहिली कात्री प्रयोगशाळेला लागते, कारण ती बंद केल्याने त्या वर्षी काहीच अडत नाही.

नव्वदच्या दशकात आयात खुली झाली. चीनमधलं पेनिसिलीन-जी इतकं स्वस्त आलं की पिंपरीच काय, खासगी कारखान्यांनीही टाक्या बंद केल्या. १९९७ मध्ये कंपनी आजारी उद्योगांच्या मंडळाकडे गेली. डिसेंबर २०१६ मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने तिची जादा जमीन विकून देणी भागवायचं ठरवलं. जुलै २०१९ मध्ये कामगारांची थकलेली देणी आणि स्वेच्छानिवृत्ती यांसाठी २८० कोटींवर रक्कम मंजूर झाली.

मग २०२० आलं. चीनवरचं अवलंबित्व धोक्याचं आहे हे सगळ्यांना पटलं आणि सरकारने मूळ औषधी द्रव्यांसाठी ६,९४० कोटींची उत्पादन प्रोत्साहन योजना काढली. यादीत पेनिसिलीन-जी ठळकपणे होतं. किण्वनाने बनणाऱ्या मालावर विक्रीच्या २० टक्के, नंतर १५, शेवटी ५ टक्के प्रोत्साहन. आंध्रात काकिनाड्याला मोठा खासगी कारखाना उभा राहिला आणि ऑक्टोबर २०२४ मध्ये त्याचं उद्घाटन झालं. मला त्याचा मनापासून आनंद आहे. बारा लाखांचं इंजेक्शन कुणीही बनवो, मुलाला मिळालं पाहिजे. पण हा पैसा किती माल विकला यावर मिळतो. कुणाला शिकवलं, काय छापलं, कोणता नवा जंतू शोधला, हे त्यात विचारलेलं नाही. १९५१ च्या करारात नेमका तोच विचार होता.

आपला देश संशोधनावर सकल देशांतर्गत उत्पादनाच्या जेमतेम ०.६४ टक्के खर्च करतो. २०२३ मध्ये अनुसंधान राष्ट्रीय संशोधन प्रतिष्ठानचा कायदा झाला, पाच वर्षांत ५०,००० कोटी उभे करायचे आहेत, त्यातला मोठा वाटा सरकारबाहेरून. जुलै २०२५ मध्ये खासगी संशोधनासाठी एक लाख कोटींचा निधी मंजूर झाला. आकडे मोठे आहेत आणि मी त्यांच्या बाजूचा आहे. माझी मागणी एवढीच की ज्यांना हा पैसा मिळेल त्यांच्यावर पिंपरीचीच अट घालावी, जे शिकाल ते झाकून ठेवू नका, इतरांना शिकवा, आणि पैसा दहा-वीस वर्षं न तुटता यावा.

दुसरी मागणी जवळची आहे. बुलेटिनचे जुने अंक एकत्र करून सगळ्यांना वाचायला खुले करावेत. पिंपरीत जमवलेले जंतू आणि बुरशी, जमिनीचा व्यवहार होण्याआधी, नीट मोजून जपावेत. आणि टाक्यांवर काम केलेली माणसं अजून आहेत, त्यांना विचारावं. निवृत्तीनंतर त्यांच्यातले बरेच सांगवीत, पिंपळे गुरवला प्लॉट घेऊन राहिले, माझ्याकडेच रक्तदाबाच्या गोळ्या घेतात. त्यांच्यातल्या दोघांचं बोलणं मी वहीत उतरवून घ्यायला सुरुवात केली आहे. एकाने सांगितलं, टाकी बिघडली हे प्रयोगशाळेचा कागद येण्याआधी नाकाला कळायचं. कुठल्या दिवशी वास कसा हवा, फेस किती चढला म्हणजे तेल सोडायचं, हे तो दिवसवार सांगतो. चौथ्या दिवसापर्यंत आमचं लिहून झालं आहे.